जगात 160 वी

पुण्यात टेनिस खेळणाऱ्या मुलीच्या घरी एक वाद कधी ना कधी झडतोच. मुलगी आठवी-नववीत पोचते, कपाटात दोन-चार कप येतात, आणि एके संध्याकाळी प्रशिक्षक आई-वडिलांना बाजूला घेऊन सांगतात, ‘आता शाळा जरा कमी करावी लागेल.’ त्या रात्रीपासून घरात दोन तट पडतात. हे दोन तट मी इथे एका आत्याच्या आणि एका भाच्याच्या तोंडी घातले आहेत. आत्या लाकडी रॅकेटच्या काळात राज्य स्पर्धा खेळलेली, नंतर बँकेतून निवृत्त झालेली. भाचा चार्टर्ड अकाउंटंट, आणि त्याची मुलगी तेरा वर्षांची. दोघंही कल्पनेतले. ज्या खेळाडूवरून ते भांडताहेत ती मात्र खरी आहे : अंकिता रैना.

भाचा : आत्या, तू सारखं अंकिताचं उदाहरण देतेस म्हणून विचारतो. चार-पाच वर्षांची असताना तिनं रॅकेट धरली. चौदाव्या वर्षाच्या सुमाराला अहमदाबाद सोडून पुण्याला आली. हेमंत बेंद्रे सरांकडे पीवायसी क्लबवर वर्षानुवर्षं घाम गाळला. आणि पदरात काय? एकेरीत सर्वांत वरचा क्रमांक 160. ग्रँड स्लॅमच्या एकेरीत मुख्य ड्रॉमध्ये एकदाही नाही. यासाठी मी माझ्या पोरीची शाळा सोडवू?

आत्या : सीएच्या परीक्षेत तू देशात 160 वा आला असतास, तर तुझ्या बापानं सोसायटीभर पेढे वाटले असते. ही जगात 160 वी आहे.

भाचा : परीक्षेत 160 वा आलेल्याला दुसऱ्या दिवशी नोकरी मिळते गं. टेनिसमध्ये रेघ शंभराच्या जरा पुढे ओढलेली आहे. रेघेच्या अलीकडची मुलगी ग्रँड स्लॅमला थेट मुख्य ड्रॉमध्ये. 2024 च्या यूएस ओपनला पहिल्याच फेरीत हरलेल्या बाईलाही एक लाख डॉलर मिळाले. पलीकडचीला आधी पात्रता फेरीचे तीन सामने जिंकायचे, मग आत. आणि बाकीचं वर्ष आयटीएफच्या स्पर्धा. ‘पंधरा हजार डॉलरची स्पर्धा’ म्हटलं की लोकांना वाटतं जिंकणारीला पंधरा हजार मिळतात. ते सगळ्यांचे मिळून असतात! बत्तीस जणींचा एकेरीचा ड्रॉ, वर दुहेरीच्या जोड्या. पहिल्या फेरीत हरणारीच्या हातावर दीडशे डॉलरच्या आसपास ठेवतात. दोन रात्रींच्या हॉटेलात ते संपतात. विमान, व्हिसा, गटिंग, फिजिओ हे सगळं खिशातून. प्रशिक्षकाला बरोबर न्यायचं तर प्रत्येक खर्च दुप्पट.

आत्या : म्हणून ती बहुतेक एकटीच फिरली. बॅग उचलायची, सरावाला जोडीदार शोधायची, सामना खेळायची, कपडे धुवायची आणि पुढच्या गावाचं तिकीट काढायची. हे तुझ्या ताळेबंदात कुठल्या रकान्यात घालणार?

भाचा : खर्चाच्या. आणि म्हणूनच विचारतो, जमेच्या रकान्यात काय आहे?

आत्या : बस मग, सांगते. फेब्रुवारी 2018, दिल्ली, देशांच्या संघांमधला फेड कप. समोर चीनची जू लिन, दुसऱ्या दिवशी कझाकस्तानची यूलिया पुतिन्त्सेवा, पहिल्या शंभरातली. दोघींना एकेरीत हरवलं. त्याच एप्रिलमध्ये पहिल्या दोनशेत आली. सानिया मिर्झानंतर किती वर्षांनी आपली मुलगी तिथे पोचली, बघ. ऑगस्टमध्ये पालेमबांगला आशियाई स्पर्धेत एकेरीचं कांस्य. आशियाई स्पर्धेत एकेरीचं पदक तिच्याआधी भारताच्या एकाच बाईनं मिळवलं होतं : सानियानं, 2006 मध्ये रौप्य आणि 2010 मध्ये कांस्य. पुढच्या वर्षी चीनमध्ये सॅम स्टोसरला तीन सेटमध्ये हरवलं. स्टोसर म्हणजे कोण? 2011 च्या यूएस ओपनच्या फायनलमध्ये सेरेनाला हरवणारी.

भाचा : 2019 ची स्टोसर पस्तिशीची होती.

आत्या : आणि तरीही पहिल्या शंभरातली होती. तुला कुठल्याही फुलातला काटा दिसतो.

भाचा : व्यवसायच तो आहे माझा. बरं, पालेमबांगला सेमीफायनल हरली कोणाकडून?

आत्या : चीनच्या झांग श्वाईकडून. बरं झालं नाव काढलंस. ही झांग श्वाई ग्रँड स्लॅमच्या मुख्य ड्रॉमध्ये लागोपाठ चौदा वेळा पहिल्या फेरीत हरली होती. चौदा! टेनिस सोडायच्या विचारात होती. 2016 ला मेलबर्नला पहिल्याच फेरीत सिमोना हालेपला हरवलं आणि क्वार्टर फायनलपर्यंत गेली. हारजीत मोजायची तर किती वर्षं थांबून मोजायची?

भाचा : अगं, पण ती चौदा वेळा मुख्य ड्रॉमध्ये हरली! तिथे हरण्याइतकं तरी पोचली. माझा मुद्दा तोच आहे.

इथे भाच्याचा एक गुण मी मोजतो. खेळाविषयीच्या मराठी लेखनात आपण जिद्दीवर इतकं भाळतो की रेघ कुठे आहे हे सांगायचंच राहून जातं. 160 आणि 100 यांच्यातलं अंतर कागदावर साठ जागांचं दिसतं. खेळणाऱ्याच्या आयुष्यात ते दोन वेगळ्या पेशांमधलं अंतर असतं. मात्र त्या अंतराचं कारण काय, यावर आत्याचं म्हणणं जास्त विचार करण्यासारखं आहे.

आत्या : तू हिशेबाचा माणूस, तर एक हिशेब मीही केलाय. अंकिताचा जन्म 1993 चा. भारतात बायकांची मुख्य टूरवरची स्पर्धा, म्हणजे आताच्या भाषेत डब्ल्यूटीए 250 किंवा त्याहून मोठी, 2008 मध्ये बंगळूरला झाली आणि मग थांबली. सेरेना जिंकली होती. त्याआधी हैदराबाद होतं, कोलकाता होतं. सानिया 2005 मध्ये पहिली डब्ल्यूटीए स्पर्धा जिंकली ती कुठे? हैदराबादला, स्वतःच्या गावात. 2008 नंतर पुढची स्पर्धा कधी?

भाचा : चेन्नई, 2022.

आत्या : चौदा वर्षं. अंकिता पंधराची होती तेव्हा दुकान बंद झालं आणि एकोणतिसाची झाली तेव्हा पुन्हा उघडलं. टेनिस खेळणाऱ्या बाईच्या आयुष्यातली मधली सगळी उमेदीची वर्षं त्यात गेली. त्या काळात पुरुषांची एटीपी स्पर्धा आधी चेन्नईला आणि 2018 पासून आपल्या बालेवाडीला होत होतीच. आपली पोरं वाइल्ड कार्डवर, म्हणजे क्रमांक पुरेसा नसतानाही मिळणाऱ्या प्रवेशावर, तिथे खेळत होती.

भाचा : बायकांसाठीही होत्या ना छोट्या स्पर्धा. मुंबईत सीसीआय क्लबवर डब्ल्यूटीए 125 ची, म्हणजे 250 च्या खालच्या पातळीची, झाली, 2017 आणि 2018 ला. बालेवाडीलाही झाली होती एक.

आत्या : झाली की, 2012 मध्ये. मी गेले होते. फायनलला अठरा वर्षांची एलिना स्वितोलिना आणि समोर बेचाळीस वर्षांची किमिको दाते. स्टँड अर्ध्याहून जास्त रिकामं. स्वितोलिना जिंकली आणि पुढे जगात पहिल्या पाचात गेली. पुढच्या वर्षी स्पर्धा पुण्याला आलीच नाही. आता गुण बघ. आयटीएफच्या पंचवीस हजार डॉलरच्या स्पर्धेत लागोपाठ पाच सामने जिंकून विजेती झालीस की पन्नास गुण मिळायचे. घरच्या गावी 250 ची स्पर्धा असेल, वाइल्ड कार्ड मिळालं आणि पहिली एक फेरी जिंकलीस की तीस गुण. एका सामन्यात! शिवाय विमान नाही, व्हिसा नाही, वरणभात घरचा. हे तीस गुण तिला शोधायला कुठे जावं लागायचं? उझबेकिस्तान, थायलंड, चीन.

भाचा : युक्तिवाद सुरेख आहे. पण चेन्नईला 2022 मध्ये तिला संधी मिळाली ना? पहिल्या फेरीत तात्याना मारियाकडून सरळ दोन सेटमध्ये उडाली. त्याच स्पर्धेत करमन कौर थांडी एक फेरी जिंकली. घरचं मैदान दोघींना सारखंच होतं.

आत्या : तात्याना मारिया त्याच वर्षी विम्बल्डनची सेमीफायनल खेळलेली बाई आहे. आणि मी एका आठवड्याबद्दल बोलतच नाहीये. दरवर्षी एक-दोन आठवडे, असे चौदा वर्षं. त्यातल्या दहा हरली असती, तीन-चार जिंकली असती. तेवढ्यानं माणूस पात्रता फेरीतून मुख्य ड्रॉकडे सरकतो.

भाचा : किंवा सरकत नाही. मला शंका आहे. तू तिची सर्व्ह बघितली आहेस. उंची बेताची, सर्व्हला वजन कमी. मागे राहून बॉल परत करत राहायचा, पायांवर सामना काढायचा. आयटीएफच्या पोरी त्यानं दमतात. पहिल्या पन्नासातली दुसऱ्या सर्व्हवर उभी राहूनच मारते. स्पर्धा कितीही भरवा, सर्व्ह स्पर्धेतून येत नाही.

आत्या : (जराशी थांबून) सर्व्हचं खरं आहे. आपल्याकडे बारा वर्षांच्या पोरींच्या सर्व्हवर कोणी वेळच घालवत नाही. त्या वयात बॉल वर उडवून कोर्टात ठेवला तरी सामने जिंकता येतात, कप मिळतो, आई-बाप खूष, प्रशिक्षकही खूष. सोळाव्या वर्षी कळतं की वाढवायला हवं होतं ते राहूनच गेलं. पण उंचीचं मला सांगू नकोस. ओस्टापेंकोचा सामना बघितला होतास?

भाचा : लातवियातला?

आत्या : एप्रिल 2021, युरमाला, देशांच्या संघांचा प्ले-ऑफ. येलेना ओस्टापेंको, 2017 ची फ्रेंच ओपन विजेती, तिच्या देशात, तिच्या कोर्टवर. अंकिता पहिला सेट 2-6 हरली, दुसरा 7-5 जिंकली, तिसरा 5-7 हरली. दोन गेम इकडेतिकडे. ती त्या पातळीला हात लावून आलेली मुलगी आहे रे. प्रश्न आहे तिथे राहण्याचा, आणि राहायला दर आठवड्याला तशाच पोरींशी खेळावं लागतं. दर आठवड्याला तशा पोरी कुठे भेटतात? मोठ्या स्पर्धांत. मोठ्या स्पर्धांत कशी शिरणार? क्रमांकावर. मग आलो की आपण तुझ्या रेघेपाशी.

भाचा : त्या लातवियाच्या लढतीपर्यंत भारत पोचला ते दुबईच्या आठवड्यामुळे, नाही का?

आत्या : तो आठवडा मी विसरणार नाही. 2 मार्च 2020 ला तिचा क्रमांक 160 झाला आणि दुसऱ्या दिवशी दुबईत फेड कप सुरू झाला. सानिया बाळंतपणानंतर परत आलेली, विशाल उप्पल कप्तान. शेवटची लढत इंडोनेशियाशी. एकेरीत एक-एक बरोबरी. दुहेरीत सानिया आणि अंकिता जिंकल्या आणि भारत पहिल्यांदा वर्ल्ड ग्रुपच्या प्ले-ऑफला पोचला. ती सत्तावीस वर्षांची, अंगात खेळ भिनलेला, क्रमांक आयुष्यातला सर्वोत्तम. आणि आठवड्याभरात कोविडमुळे जगातलं टेनिस बंद. ऑगस्टपर्यंत एकही स्पर्धा नाही.

भाचा : सगळ्यांनाच बंद होतं. क्रमवारीही गोठवली होती.

आत्या : गोठवली म्हणजे काय? जी वर जायच्या बेतात होती ती तिथेच अडकली. वर बसलेली वरच राहिली. बंदीचा तोटा सगळ्यांना सारखा होत नाही. हे तुला कंपन्यांच्या बाबतीत बरोबर कळतं.

भाचा : हे मात्र मान्य.

(भाच्यानं दिलेली ही पहिली मान्यता. ती कंपन्यांच्या वाटेनं आली, हे मला फार पुणेरी वाटतं.)

आत्या : त्यानंतरही तिनं सोडलं नाही. जानेवारी 2021. ऑस्ट्रेलियन ओपनची बायकांची पात्रता फेरी कोविडमुळे दुबईत झाली. दोन फेऱ्या जिंकून तिसरीत पोचली. एक सामना जिंकला असता तर मुख्य ड्रॉ. सर्बियाच्या ओल्गा दानिलोविचकडून तिसऱ्या सेटमध्ये हरली.

भाचा : आणि तरी मेलबर्नला गेली, लकी लूझर म्हणून. कोणी आजारी पडलं तर आपला नंबर लागेल म्हणून थांबायचं! मला त्या भूमिकेचंच वाईट वाटतं.

आत्या : तुला वाईट वाटतं, तिनं काय केलं ते बघ. एकेरीत जागा रिकामी झाली नाही. तिनं रुमेनियाच्या मिहाएला बुझार्नेस्कूला जोडीला घेऊन दुहेरीचा मुख्य ड्रॉ खेळला. पहिल्या फेरीत हरली. घरी आली का? नाही. तिथेच फिलिप आयलंड ट्रॉफी होती, डब्ल्यूटीए 250. रशियाच्या कामिला राखिमोवाबरोबर दुहेरीत उतरली आणि जिंकली. सानियानंतर डब्ल्यूटीएची स्पर्धा जिंकणारी दुसरी भारतीय बाई. दुहेरीत पहिल्या शंभरात गेली. तिथून टोकियो ऑलिम्पिकचं दार उघडलं.

भाचा : आणि टोकियोत? किचेनोक बहिणींविरुद्ध सानिया-अंकितानं पहिला सेट 6-0 घेतला, दुसऱ्यात पुढे होत्या, मग टायब्रेकमध्ये एकही गुण नाही. सुपर टायब्रेक 8-10. मी टीव्हीसमोर बसलो होतो. तेव्हापासून माझ्या मनात जे बसलंय ते हेच : इतकं करायचं, आणि हातातोंडाशी आलेलं जाताना बघायचं. मी बाप आहे. माझ्या मुलीनं हे वारंवार बघावं असं मला वाटत नाही.

यानंतर थोडा वेळ बोलणं भरकटतं. भाचा नाओमी ओसाकाच्या मनःस्थितीबद्दल बोलतो, आत्या गुडघ्याबद्दल. ते गाळून पुढे जातो.

आत्या : मग तुला काय हवंय? तिनं खेळूच नये?

भाचा : खेळावं, पण पर्याय ठेवून. ऋतुजा भोसले बघ. तीही बेंद्रे सरांकडची. श्रीरामपूरची पोरगी. टेक्सस ए अँड एम विद्यापीठातून शिष्यवृत्तीवर खेळली. शिक्षण, कोर्ट, जिम, फिजिओ, सामने, सगळं विद्यापीठाच्या खर्चानं. परत येऊन व्यावसायिक टेनिस खेळली. 30 सप्टेंबर 2023, हांगझोऊ, आशियाई स्पर्धा. रोहन बोपण्णाबरोबर मिश्र दुहेरीचं सुवर्ण. पहिला सेट गेला होता तरी. अंकिताच्या गळ्यात कांस्य, ऋतुजाच्या गळ्यात सुवर्ण, आणि वर पदवी. सांग, कुठला रस्ता शहाणा?

आत्या : पदक मोजून रस्ता ठरवतोस? मिश्र दुहेरी आणि एकेरी एका तराजूत घालतोस? शेजारी बोपण्णासारखा सर्व्हचा तोफखाना आहे, हेही सांग की. ऋतुजाचं कौतुक मला तुझ्यापेक्षा कमी नाही. त्या फायनलमध्ये दडपणाखाली तिचा परतीचा फटका ज्या शांतपणे चालला तसा पुरुषांचाही चालत नाही. पण एकेरीत ती अंकिताइतकी वर गेली नाही. अठरा ते बावीस ही चार वर्षं अमेरिकन विद्यापीठात घालवायची म्हणजे टूरवरची चार वर्षं बाजूला ठेवायची. कोणाला ती लाभतात, कोणाला महागात पडतात.

भाचा : मला लाभतील. म्हणजे मुलीला.

आत्या : चुकून खरं बोललास. आणि बार्शीची प्रार्थना ठोंबरे? ती अमेरिकेला गेली नाही. 2014 मध्ये इंचॉनच्या आशियाई स्पर्धेत सानियाबरोबर दुहेरीचं कांस्य, 2016 मध्ये रिओ ऑलिम्पिक. बार्शी ते रिओ. बार्शीला टेनिस कोर्ट किती असतील, विचार कर. तिसरा रस्ता आहे हा. मला वाटतं रस्ता कुठला हे तेराव्या वर्षी ठरवायची गरज नाही. आत्ता ठरवायचंय ते एवढंच की पुढची तीन वर्षं पोरीला रोज चार तास कोर्टवर देता येतील का.

भाचा : आणि शाळा?

आत्या : शाळा अर्धवेळ करायला तयार आहे का, ते विचार. नसेल तर 17 नंबरचा फॉर्म आहे, बाहेरून दहावी देता येते. राष्ट्रीय पातळीवर खेळली तर बोर्ड सवलतीचे गुणही देतं.

भाचा : 17 नंबरचा फॉर्म! आत्या, आपल्या घरात कोणी बाहेरून दहावी दिलेली नाही.

आत्या : आपल्या घरात कोणी पीवायसीवर पहाटे साडेपाचला सर्व्हही मारलेली नाही. ती मारते. मी बघून आले.

भाचा : बरं, समजा तीन वर्षं दिली. त्यानंतर काय बघायचं? मला असा आकडा दे, ज्याच्या खाली ती असेल तर आपण थांबू. गुंतवणूक करताना आधी ठरवतात तसा.

आत्या : आकडा क्रमवारीचा नको. सोळाव्या वर्षी तिची पहिली सर्व्ह शंभरात किती वेळा आत पडते आणि दुसऱ्या सर्व्हवर ती किती गुण घेते, ते सहा महिने लिहून ठेव. हे तुझ्या ताळेबंदात बसेल. अंकिताला ज्यानं अडवलं असं तू म्हणतोस, ते हिच्यात तरी बघू.

भाचा : म्हणजे माझा सर्व्हचा मुद्दा तुला पटला.

आत्या : पटला. माझा चौदा वर्षांचा पटला का?

भाचा : अर्धा. टेनिस संघटनेनं बायकांच्या स्पर्धा टिकवल्या नाहीत, हे पटलं. पण त्याची किंमत माझी मुलगी का मोजेल, हे नाही पटलं.

आत्या : तुझी मुलगी मोजायची नाही. आता चेन्नई आहे, मुंबईची 125 पुन्हा सुरू झाली, आपल्याच म्हाळुंगे-बालेवाडीला 2025 मध्ये बिली जीन किंग कप, म्हणजे पूर्वीचा फेड कप, झाला. श्रीवल्ली रश्मिका पाचही एकेरी जिंकली आणि संघ प्ले-ऑफला पोचला. त्या संघात अंकिताही होती, बत्तीस वर्षांची. पोरीला घेऊन गेला होतास?

भाचा : मार्च-एप्रिल होता गं. इयर एंडिंग.

आत्या : ती गेली होती, माझ्याबरोबर. तुला सांगितलं नाही. दोन दिवस शाळा बुडवली.

भाचा : ... फॉर्मची मुदत कधी असते?

आत्या : कुठल्या?

भाचा : 17 नंबरच्या. नुसतं विचारतोय.